साळसूद प्रतिनायिकेची प्रेमप्रकरणे कशी लिहावीत: खलनायिका-कल्पितकथेच्या लेखकांसाठी

खलनायिका हीच जिची खरी नायिका असते, अशा कल्पितकथांचा प्रवाह जपानमधल्या आंतरजालीय कादंबऱ्यांतून फोफावला. तिकडे या नायिकेला 'अकुयाकु रेइजो', म्हणजे खलभूमिकेतली सरदारकन्या, असे म्हणतात. २००४ साली सुरू झालेल्या 'शोसेत्सुका नि नारो' या संकेतस्थळावर हौशी लेखकांनी या कथांचा साचा घडवला आणि पुढे कोरियन व चिनी लेखकांनी तो आपापल्या परीने वळवून घेतला. साचा असा: आजच्या काळातली एखादी मुलगी मरते आणि आपण वाचलेल्या कादंबरीतल्या किंवा खेळलेल्या संगणकीय प्रणयखेळातल्या दुष्ट सरदारकन्येच्या देहात जागी होते. मूळ गोष्टीत गरीब, गोड, निष्पाप अशी जी नायिका होती, ती आता तिची प्रतिस्पर्धी ठरते. अशा प्रतिस्पर्धी मुलीला मी या लेखात प्रतिनायिका म्हणणार आहे, आणि जी प्रतिनायिका वरून गोड व आतून कारस्थानी असते, तिच्या प्रेमसंबंधांचे लेखन कसे करावे, एवढाच या लेखाचा विषय आहे.

ही भूमिका बहुतेक हस्तलिखितांत वाया जाते. प्रतिनायिका डोळ्यांत पाणी आणते, युवराज विरघळतो, सेनापतीचा मुलगा तलवार उपसतो, आणि इतके शहाणे पुरुष एका मुलीच्या मागे असे का लागले हे वाचकाला शेवटपर्यंत कळत नाही. लेखक तिची लबाडी दाखवण्याच्या घाईत असतो. माझे म्हणणे याच्या उलट आहे: तिचे प्रेम आधी शक्य वाटले पाहिजे, तरच तिची लबाडी लागते. ज्या पुरुषाला तिच्याकडून खरोखर काही मिळाले आहे, त्यालाच ती फसवू शकते. पुढच्या सगळ्या पायऱ्या या एका गोष्टीवर उभ्या आहेत.

उदाहरणासाठी एक छोटी कथा रचून घेऊ. ड्यूकची कन्या ऑरेलिया ही आपली खलनायिका-नायिका असून ती सात वर्षांची असताना तिचा वाङ्निश्चय युवराज आद्रियानशी झाला आहे. लिसेत ही एका बॅरनची अनौरस मुलगी. चौदाव्या वर्षापर्यंत खेड्यात आईजवळ वाढलेली आणि मग घराण्याच्या सोयीसाठी वाड्यात आणलेली. तिच्याभोवती युवराज आहे, सेनापतीचा धाकटा मुलगा रोलां आहे आणि ऑरेलियाचा दत्तक भाऊ यूजीन आहे. बॅरनच्या वाड्यात हिशेब लिहिणारा तोबियास नावाचा एक कारकून आहे. त्याच्याकडे शेवटी वळू.

पहिली पायरी: तिला नेमके काय हवे आहे, याचा हिशेब मांडा

'तिला सत्ता हवी आहे' हे उत्तर पुरेसे नाही. या कथांतल्या समाजरचनेत ड्यूक, मार्क्विस, काउंट, व्हायकाउंट आणि बॅरन अशी उतरंड असते, आणि बॅरनची अनौरस मुलगी त्या उतरंडीच्या शेवटच्या पायरीच्याही खाली उभी असते. तिला स्वतःच्या नावावर जमीन मिळणार नाही, वडील मेल्यावर सावत्र भाऊ तिला कोणत्याही म्हाताऱ्या व्यापाऱ्याला देऊन टाकू शकतो, आणि राजधानीच्या विद्यालयात तिला मिळालेली तीन वर्षे ही तिच्या आयुष्यातली एकमेव संधी आहे. हे कागदावर मांडले की तिची प्रत्येक चाल तातडीची होते. युवराजाशी लग्न हे तिचे स्वप्न असेलही. पण रोलांशी लग्न म्हणजे सुरक्षितता, आणि यूजीनशी मैत्री म्हणजे ऑरेलियाच्या घरातली बातमी. तिन्ही नात्यांची किंमत तिच्या लेखी वेगवेगळी असली पाहिजे.

याच ठिकाणी मला एक गोष्ट कळकळीने सांगावीशी वाटते. प्रतिनायिका खालच्या थरातली आहे म्हणून लबाड आणि नायिका उच्च कुळातली आहे म्हणून सच्ची, असा अर्थ तुमच्या कथेतून निघू देऊ नका. साच्यात हा धोका मुळातच आहे, कारण तो जुन्या गरीब नायिकेला खाली ओढून श्रीमंत मुलीला वर नेतो. जन्मावरून माणसाची लायकी ठरवण्याचा इतिहास ज्यांच्या घरापर्यंत आला आहे, अशा मराठी वाचकांना तो अर्थ ताबडतोब बोचेल, आणि तो बोचावा हेच योग्य आहे. लिसेत लबाडी का शिकली, याचे कारण तिच्या रक्तात न शोधता ज्या वाड्यात तिला जेवणाच्या मेजावर बसण्याआधी परवानगी मागावी लागत होती, त्या वाड्यात शोधा. एखादी उच्चकुलीन, तितकीच कावेबाज स्त्री आणि एखादी गरीब, सरळ मुलगी कथेत ठेवली, तर हे संतुलन आपोआप साधते.

दुसरी पायरी: प्रत्येक पुरुषाची उणीव शोधा

हा भाग सर्वांत जास्त वेळ देऊन करावा. प्रत्येक पुरुषासाठी एका वाक्यात लिहा: याला आयुष्यात कोणती गोष्ट कोणीच दिलेली नाही?

आद्रियानला लहानपणापासून सगळे सुधारत आले आहेत. शिक्षक त्याचे उच्चार सुधारतात, राणी त्याची बसण्याची पद्धत सुधारते, आणि ऑरेलिया, जी त्याच्याइतकीच राज्यकारभारासाठी घडवली गेली आहे, ती त्याच्या भाषणांचे मसुदे सुधारते. तिच्या सुधारणा अचूक असतात, म्हणूनच त्या सहन होत नाहीत. लिसेत त्याला काहीही सुधारायला सांगत नाही, दिवसभराच्या समारंभानंतर ती एवढेच विचारते, "आपले पाय दुखत असतील ना?" रोलांला कोणाची तरी गरज व्हायचे आहे, कारण त्याचा थोरला भाऊ युद्धात कामी आला आणि घरात अजून त्याच भावाची तलवार पुसली जाते. लिसेत त्याला सोबत मागते, आणि कोणीतरी आपल्या भरवशावर अंधारी गच्ची ओलांडत आहे ही भावना त्याला पहिल्यांदा मिळते. यूजीन ड्यूकच्या घरात पाहुण्यासारखा राहतो. त्याला ती म्हणते, "आपण दोघेही उसन्या आडनावाचे." हे वाक्य खोटे नाही, आणि तिच्या सगळ्या वाक्यांत तेच सर्वांत धोकादायक आहे.

हे तिघे मूर्ख नाहीत, उपाशी आहेत. तिने त्यांना दिलेली शांतता, गरज आणि सोबत खरी आहे. ऑरेलियाच्या बाजूने कथा सांगतानाही हे लपवू नका. उलट ऑरेलियाला हे दिसू द्या, आणि तिला त्याचे वाईट वाटू द्या. ज्या क्षणी तिच्या लक्षात येते की आद्रियानला पाय दुखतात का हे दहा वर्षांत आपण एकदाही विचारले नाही, त्या क्षणी तुमची नायिकाही मोठी होते.

मोहिनीमंत्राचे काय, असा प्रश्न इथे येतोच. अनेक कथांत प्रतिनायिकेकडे वशीकरणाची विद्या असते. ती वापरायची असेल तर तिला मर्यादा आणि किंमत द्या: मंत्र आधीच मनात असलेली इच्छा वाढवू शकतो, नवी निर्माण करू शकत नाही, असा नियम ठेवला तर पुरुषांची जबाबदारी शाबूत राहते. सरसकट वशीकरणाने मात्र सगळे नुकसान होते. मंत्र उतरला की युवराज निर्दोष ठरतो, सगळा दोष एका मुलीवर जातो, आणि वाड्यातल्या दहा वर्षांच्या गाऱ्हाण्यांना काही अर्थच उरत नाही.

तिसरी पायरी: देणे, ऋण आणि वसुली

प्रत्येक नात्याचे तीन टप्पे पाडा आणि प्रत्येक टप्प्याला किमान एक प्रसंग द्या. पहिल्या टप्प्यात ती फक्त देते. दुसऱ्यात ती काहीतरी नाकारते, आणि त्या नकाराने समोरच्याला ऋणी करते. तिसऱ्यात ती मागते, पण स्वतःसाठी मागत नाही.

नकाराचा टप्पा नवोदित लेखक बहुधा गाळतात, म्हणून इतिहासातला एक प्रसंग सांगतो. १५३६ च्या वसंतात इंग्लंडचा राजा आठवा हेन्री याने राणी ॲन बोलीन हिच्या सेवेतल्या जेन सेमूरला सोन्याच्या नाण्यांची थैली आणि एक पत्र पाठवले. जेनने पत्राचे चुंबन घेतले, ते न उघडता परत केले, आणि गुडघे टेकून दूताला सांगितले की अब्रूखेरीज आपल्याजवळ दुसरे धन नाही. राजेसाहेबांना काही द्यायचेच असेल तर देव आपल्याला चांगले स्थळ देईल तेव्हा द्यावे. पवित्र रोमन सम्राट पाचवा चार्ल्स याचा इंग्लंडमधला राजदूत युस्टेस शाप्वी याने हे आपल्या पत्रात नोंदवले आहे, आणि दरबारातल्या लोकांनी तिला पढवून ठेवले होते हेही तोच सांगतो. १९ मे रोजी ॲनचा शिरच्छेद झाला आणि ३० मे रोजी जेन राणी झाली. जेन शीलवती होती, पढवलेली होती, की दोन्ही होती, हे त्या प्रसंगावरून सांगता येत नाही, आणि तुमच्या प्रतिनायिकेचा प्रत्येक महत्त्वाचा प्रसंग असाच दोन्हीकडून वाचता आला पाहिजे. आद्रियानने लिसेतला दिलेला माणकाचा हार ती परत करते. पहिल्या वाचनात तो स्वाभिमान वाटतो. पुढे कळते की हार राजघराण्याच्या खजिन्याच्या यादीत होता आणि तो गळ्यात घातला असता तर दुसऱ्याच दिवशी चौकशी झाली असती. तरीही पहिला अर्थ पूर्ण खोटा ठरू देऊ नका.

वसुलीच्या टप्प्यावर तिचे वाक्य कसे असावे याचा एक नमुना: "ऑरेलियाताईंना काही बोलू नका. कदाचित माझ्याच वागण्यात काही चुकले असेल." कोणताही आरोप न करता यात आरोप आहे, पुरावा मागण्याची सोय नाही, आणि क्षमा मागून तिने समोरच्याला रागावण्याचे काम सोपवले आहे. आपल्याकडे याला कान भरणे म्हणतात. पण कान भरणारा माणूस निदान काहीतरी सांगतो. साळसूद माणूस काहीच सांगत नाही, आणि ऐकणाऱ्याला वाटते की हे आपणच ओळखले. मराठीत अशा स्वभावासाठी साळसूद हा शब्द आहे, 'गोगलगाय नि पोटात पाय' ही म्हण आहे. चिनी वाचक अशा पात्राला 'पांढरे कमळ' म्हणतात. पुरुषाने ओळखलेले सत्य तो स्वतःचे समजून जपतो, आणि कोणी तपासायला निघाले तर अपमान झाल्यासारखा भडकतो.

चौथी पायरी: तू, तुम्ही आणि आपण

मराठीत लिहिणाऱ्याला इथे इंग्रजी लेखकाला नसलेले एक हत्यार मिळते. संबोधनाच्या तीन पायऱ्या आपल्याजवळ आहेत आणि प्रेमप्रकरणाचा सगळा प्रवास त्यांवर मांडता येतो. प्रतिलिपीसारख्या कथांच्या संकेतस्थळावर भागाभागाने कथामालिका लिहिणाऱ्यांनी तर याचा भरपूर उपयोग करावा.

ऑरेलिया युवराजाला 'तू' म्हणते, कारण सात वर्षांची असल्यापासून ती तसे म्हणत आली आहे. तिच्या लेखी ही जवळीक आहे. पण वीस वर्षांच्या, मुकुटाच्या ओझ्याने वाकलेल्या मुलाला "तू हा परिच्छेद बदल" हे वाक्य हुकमासारखे ऐकू येते. लिसेत त्याला 'आपण' म्हणते आणि त्याला उंची देते. काही भागांनंतर, एकांतात, तिच्या तोंडून चुकून 'तुम्ही' निसटते. ती जीभ चावते, माफी मागते, आणि तो म्हणतो, तसेच म्हणत जा. ही चूक होती की चाल होती, हे सांगू नका. तो तिला 'तू' म्हणायला सांगतो तेव्हा ती नकार देते: "ते एकाच व्यक्तीला शोभते." या एका वाक्यात तिने ऑरेलियाचा मान राखला, ऑरेलियाची जागा रिकामी असल्याचे सुचवले, आणि ती जागा भरण्याची इच्छा त्याच्या मनात पेरली. रोलांला मात्र ती पहिल्याच आठवड्यात 'तू' म्हणते, कारण त्याला आदर घरात पुष्कळ मिळतो, आपलेपणा मिळत नाही. यूजीनशी ती 'आपण दोघे' असे बोलते, म्हणजे समावेशक 'आपण' वापरते. एकच शब्द युवराजासाठी अंतर निर्माण करतो आणि यूजीनसाठी अंतर मिटवतो.

तिच्या संवादांतून विशेषणे काढून टाका. 'ती कपटाने म्हणाली', 'तिच्या ओठांवर विषारी हसू उमटले' अशी वाक्ये लिहिली की वाचकाचे काम संपते आणि पुरुष आंधळे दिसू लागतात.

पाचवी पायरी: कोणाला काय माहीत आहे, याची वही ठेवा

एकापेक्षा जास्त नाती चालवणाऱ्या पात्रासाठी ही वही अपरिहार्य आहे. प्रत्येक प्रसंगाखाली चार गोष्टी नोंदवा: ती काय म्हणाली, त्याने काय समजून घेतले, प्रत्यक्षात काय घडले होते, आणि तेव्हा आसपास कोण होते. तीस-चाळीस भागांची मालिका लिहिताना स्मरणावर विसंबू नका, कारण तिचा पर्दाफाश याच नोंदींमधून व्हायचा आहे.

आपल्या उदाहरणात लिसेतने आईची गोष्ट तिघांना तीन तऱ्हांनी सांगितली आहे. आद्रियानला ती सांगते की आई तापाने माझ्या मांडीवर गेली. रोलांला सांगते की सीमेवरच्या लुटारूंनी मारली. यूजीनला सांगते की आई मला टाकून निघून गेली. प्रत्येकाला त्याच्या उणिवेला जुळणारी आई मिळाली आहे. वाचकाला या तिन्ही गोष्टी दूरदूरच्या भागांत, दुसऱ्याच एखाद्या घडामोडीच्या ओघात मिळाव्यात.

शारीरिक जवळिकीबाबत संयम ठेवा. नैतिकतेपेक्षा कथेच्या गणिताचा हा प्रश्न आहे: मिळालेली गोष्ट मागता येत नाही. फ्रान्सचा पंधरावा लुई आणि मादाम द पाँपादूर यांचे शरीरसंबंध साधारण १७५० च्या सुमारास संपले होते, तरी १७६४ मध्ये तिचा मृत्यू होईपर्यंत तिचे वजन टिकून होते, कारण ती राजाचा कंटाळा ओळखत होती, नाटके बसवत होती आणि त्याच्याशी बोलत होती. प्रतिनायिकेची ताकद शय्येपेक्षा या बोलण्यात असते.

सहावी पायरी: विजयाच्या क्षणीच तिचा पराभव घडवा

या प्रकारात समारंभातल्या जाहीर दोषारोपाचा प्रसंग जवळजवळ ठरलेला असतो. पदवीदानाच्या नृत्यसमारंभात युवराज सर्वांसमोर खलनायिकेवर आरोप ठेवतो, वाङ्निश्चय मोडतो आणि प्रतिनायिकेचा हात धरतो. जपानी वाचक या आरोपाला 'दानझाई' म्हणतात. बहुतेक लेखक हा प्रतिनायिकेचा परमोच्च विजय म्हणून लिहितात आणि मग पुढच्या भागात एखादा साक्षीदार आणून तो उलटवतात.

यापेक्षा खोल जाता येते. वाङ्निश्चय हा दोन घराण्यांमधला करार असतो; ड्यूकचे सैन्य, त्याचे कर्ज आणि त्याचा दरबारातला पाठिंबा त्या करारावर सिंहासनाला जोडलेला असतो. राजाच्या संमतीवाचून तो जाहीरपणे मोडणारा युवराज त्याच घटकेला वारसाहक्क धोक्यात घालतो. म्हणजे आद्रियानने आपले प्रेम जितक्या ठळकपणे सिद्ध केले, तितकी लिसेतच्या हिशेबातली त्याची किंमत घसरली. तिला युवराज हवा होता, आणि तिच्यासाठी सर्वस्व सोडणारा आद्रियान नेमका युवराजच राहिला नाही. त्या नृत्यगृहात, सगळे टाळ्या वाजवायच्या की नाही अशा संभ्रमात असताना, तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा खरी भीती दिसू द्या, आणि ती फक्त ऑरेलियाच्या लक्षात येऊ द्या.

सत्य बाहेर येण्याचे निमित्त साधे ठेवा. पितृस्मरणाच्या दिवशी तिघे पुरुष एका मेजाभोवती बसतात, रोलां लिसेतच्या आईसाठी मेणबत्ती लावताना लुटारूंना शिव्या देतो, आणि आद्रियान म्हणतो, "कोणते लुटारू?" यूजीन काही बोलत नाही. एवढेच पुरे. हेर, गुप्त दारे, जादूचा आरसा यांची गरज नाही.

प्रतिनायिका जिंकत राहण्याचा काळ किती लांबवायचा, याबाबत कोरियन वाचकांचे दोन शब्द उपयोगी आहेत. घशाला कोरड पाडणाऱ्या, अन्याय साठवत जाणाऱ्या भागांना ते 'गोगुमा', म्हणजे रताळे, म्हणतात आणि कोंडी फोडणाऱ्या भागाला 'सैदा', म्हणजे त्यांच्याकडचे लिंबूसारखे थंड पेय. कोरडे रताळे उपवासाला खाल्लेल्या कोणालाही ही उपमा समजावून सांगावी लागणार नाही. रोज एक भाग प्रसिद्ध करणाऱ्याने प्रतिनायिकेला सलग पाच-सहा भागांपेक्षा जास्त जिंकू देऊ नये, असे माझे मत आहे. मधे ऑरेलियाला एखादी छोटी, खाजगी जीत द्या.

सातवी पायरी: जिथे ती नाटक करत नाही, ते एक नाते

तोबियास या कारकुनाने लिसेतला वाड्यात आल्यावर लिहायला शिकवले. त्याच्याजवळ द्यायला काही नाही, म्हणून त्याच्याकडून घेण्यासारखेही काही नाही. त्याच्यासमोर तिची भाषा बदलते: वाक्ये तुटक, खेडवळ, कधी उद्धट. दर महिन्याला ती त्याच्या हाती पैसे देते आणि तो ते एका खेड्यात पोचवतो. तिची आई जिवंत आहे. तिन्ही पुरुषांना सांगितलेल्या तीन मरणांमागे एक जिवंत, आजारी बाई आहे, जिचे अस्तित्व कळले तर बॅरन तिला गावातून हाकलून देईल.

हे नाते थोडक्यात लिहा. संपूर्ण कथेत तीन-चार प्रसंग पुरेत. त्याने तिचे गुन्हे धुतले जाऊ नयेत. तोबियास तिच्यावर प्रेम करतो का, हे त्याने कधीच बोलून दाखवू नये. पण हिशेबवही चौकशीसमोर ठेवायची वेळ येते तेव्हा ती त्यानेच ठेवावी, कारण ऑरेलियावर खोटा आरोप येताना त्याला पाहवत नाही. ज्याला ती कधी खोटे बोलली नाही, त्याच्याच खरेपणाने ती पडते.

आठवी पायरी: नंतरचे पुरुष

पर्दाफाशानंतर तिघेही पुरुष पश्चात्तापाने ऑरेलियाच्या पायाशी येतात, हा शेवट वाचकाला क्षणभर गोड लागतो आणि लगेच पोकळ वाटतो. प्रत्येकाचा निकाल वेगळा लावा. आद्रियानने कबूल करावे की मला फसवले गेले, पण मला फसायचे होते. रोलांने तिच्यावर हात उगारावा आणि स्वतःचीच भीती वाटून सीमेवर निघून जावे. यूजीनला तिच्या वाक्यांपैकी निदान एक वाक्य खरे होते हे माहीत आहे. तो तिला तुरुंगात भेटायला जाऊ शकतो. प्रतिनायिकेला शिक्षा द्या, पण तिची विटंबना चवीने लिहू नका. तिच्या देहावर सूड उगवणारे प्रसंग या प्रकारात फार झाले आहेत आणि त्यांनी वाचकाला न्याय मिळत नाही.

हस्तलिखित पूर्ण झाल्यावर फक्त लिसेतचे प्रसंग एका वेगळ्या धारिकेत काढा आणि सलग वाचा. पहिल्या दोन-तृतीयांश भागापर्यंत ती एका गरीब मुलीची, तीन एकाकी पुरुषांशी जडलेली, विश्वासार्ह प्रेमकथा वाटली पाहिजे. जिथे तशी वाटत नाही, तिथे तुम्ही तिची लबाडी वेळेआधी उघड केलेली असते. त्या पानावर खूण करा आणि पुनर्लेखन तिथून सुरू करा.